पाऊस, रांग आणि बाजारभाव: स्टोकॅस्टिक मॉडेल क्रमाने कसं बांधायचं

बेळगाव, खानापूर, चिकोडीकडच्या पोरांचे प्रोजेक्ट तपासायला बसलं की एकच प्रकार वारंवार दिसतो. वीस वर्षांच्या पावसाची सरासरी काढलेली, तिच्यात एक्सेलची रँडम संख्या मिसळलेली आणि वर मथळा ‘स्टोकॅस्टिक मॉडेल’, म्हणजे नशिबाचा भाग धरून शक्यता सांगणारं मॉडेल. आलेख छान वळवळतो, परीक्षकही मान हलवतात. पण ‘उघडीप किती लांबेल’ असं शेतकऱ्याने विचारलं की त्या पत्रकातून भलतंच उत्तर निघतं.

यात गणित कच्चं नसतं, क्रम उलटा असतो. मॉडेल निवडणं हे पाचवं काम आहे आणि बहुतेक जण ते पहिलं करतात. खालचे टप्पे त्याच क्रमाने करा. मुख्य उदाहरण पावसाचं घेतलं आहे, कारण नोंदी मिळतात आणि चुका लगेच उघड्या पडतात. साखर कारखान्याच्या वजनकाट्यावरची रांग आणि भाजीचा भाव यांना तीच रीत कशी लावायची ते पुढे येईल. एक्सेल पुरतं. पायथन किंवा आर येत असेल तर काम लवकर होईल, पण क्रम बदलणार नाही.

पुढे मोजणीचे जे आकडे येतील ते रीत समजावी म्हणून घेतलेले आहेत, कुठल्या गावाची ती नोंद नव्हे. तुमचे आकडे तुम्हालाच काढायचे आहेत.

## टप्पा १: प्रश्न एका वाक्यात आणि आकड्यांत लिहा

‘पावसाचा अभ्यास करायचा आहे’ हा प्रश्न नव्हे. प्रश्न असा हवा: १५ जूननंतर ओल झाली आणि पेरा उरकला, तर पुढच्या २१ दिवसांत सलग ७ कोरडे दिवस निदान एकदा तरी येण्याची शक्यता किती?

यात चार गोष्टी ठरल्या: सुरुवात कधी, मुदत किती, कशाला ‘घडलं’ म्हणायचं आणि उत्तर कुठल्या रूपात हवं. उत्तर शक्यतेच्या रूपात हवं आहे, मिलिमीटरमध्ये नको. एवढं ठरलं की अर्धी कामं आपोआप गळतात. या प्रश्नाला रोज किती पाऊस पडला याची गरज नाही, पडला की नाही एवढं पुरे. तळं भरेल का, असा प्रश्न असता तर प्रमाणही लागलं असतं.

‘कोरडा’ म्हणजे काय तेही इथेच लिहून ठेवा. भारतीय हवामान खात्याच्या व्याख्येत २.५ मिलिमीटर किंवा त्याहून जास्त पाऊस झाला तरच तो पावसाचा दिवस. शिंतोडे पडले म्हणून दिवस ओला ठरत नाही. शेतीच्या दृष्टीने तुम्हाला ५ मिलिमीटरची रेघ बरी वाटली तर ती घ्या, पण एकदा ठरवली की शेवटपर्यंत तीच.

तपासणी: प्रश्न घरातल्या कुणाला वाचून दाखवा. ‘म्हणजे नक्की कधीपासून मोजायचं?’ असं त्यांनी विचारलं तर तो अजून पुरा झालेला नाही.

## टप्पा २: जागा आणि काळ वेगळे करा

बेळगाव जिल्ह्याची सरासरी ही कामाची गोष्ट नाही. मलप्रभा जिथे उगम पावते त्या कणकुंबीला घाटमाथ्याचा पाऊस, आणि त्याच जिल्ह्यातल्या अथणीला त्याच्या कितीतरी पट कमी. दोन्ही एकत्र करून काढलेला आकडा ना जांबोटीच्या कामाचा, ना रायबागच्या. एक मॉडेल, एक पर्जन्यमापक. दुसरं गाव हवं असेल तर दुसरं मॉडेल.

काळाचंही तसंच. जून ते सप्टेंबर हा एकच हंगाम धरून एकच शक्यता काढली की जूनची चालढकल आणि जुलैची झड यांचा काला होतो. शिवाय पूर्वेकडच्या पट्ट्यात सप्टेंबर हा जोराचा महिना, तर खानापुराकडे तोवर पावसाचा भर ओसरलेला असतो.

माझी शिफारस नक्षत्रांची आहे, आणि ती श्रद्धेपोटी नाही. सूर्यनक्षत्रं सुमारे १३-१४ दिवसांची असतात, दरवर्षी जवळजवळ त्याच तारखांना लागतात (मृग ७-८ जूनला, आर्द्रा २१-२२ जूनला), आणि ज्यांना उत्तर सांगायचं ते मृग, आर्द्रा, तरणा, म्हातारा याच भाषेत बोलतात. महिन्यापेक्षा हा तुकडा लहान, आठवड्यापेक्षा मोठा. शक्यता मोजायला नेमका पुरेसा.

सावधान: घटना जिथे दिसते तिथेच ती घडते असं नाही. कृष्णा, दूधगंगा, वेदगंगेकाठच्या चिकोडी-निपाणी भागातल्या पुराचं मॉडेल तिथल्या पावसावर बांधू नका. ते पाणी वरून, महाराष्ट्रातल्या पाणलोटातून आणि धरणांच्या विसर्गातून येतं. ऑगस्ट २०१९ च्या पुराला गावातला पर्जन्यमापक बघून उत्तर मिळणार नाही.

## टप्पा ३: नोंदी धुऊन घ्या

सगळ्यात कंटाळवाणा टप्पा हाच, आणि म्हणूनच तो टाळला जातो. वीस वर्षांच्या नोंदी असतील तर उत्तम. दहाच्या खाली असतील तर पुढची उत्तरं फारच सैल निघतील. कर्नाटक राज्य नैसर्गिक आपत्ती निरीक्षण केंद्राची स्वयंचलित यंत्रं ग्रामपंचायतींपर्यंत पोचली आहेत, पण जुनी वर्षं हवी असतील तर हाताने लिहिलेली रजिस्टरं उघडावी लागतात. पुढच्या चार गोष्टी त्या वेळी पाहा.

रिकामी जागा आणि शून्य. रिकामा रकाना म्हणजे ‘नोंद नाही’. त्यात शून्य भरलंत की तुम्ही एक कोरडा दिवस निर्माण केलात. एक्सेल काही सूत्रांत रिकाम्या रकान्याला गुपचूप शून्य मानतं, म्हणून तिथे ‘नाही’ असा शब्दच लिहून टाका. बेरीज-वजाबाकीचं सूत्र अडखळेल आणि तुम्हाला कळेल. मात्र तुलनेच्या सूत्रात एक्सेल शब्दाला आकड्यापेक्षा मोठं धरतं आणि दिवस ओला ठरवतं, म्हणून तिथे ‘नाही’ आहे का ते आधी तपासा.

कानडी आकडे. जुन्या पत्रकांत कानडी अंक असतील तर दुसऱ्या माणसाकडून पडताळून घ्या. कानडी एक हा जवळजवळ पूर्ण गोल असतो, घाईत लिहिला की शून्य वाटतो. १२ मिलिमीटरचे ०२ झाले की ओला दिवस कोरडा होतो, आणि आपल्या प्रश्नात सलग कोरडे दिवस मोजायचे असल्याने असे दोन दिवससुद्धा उत्तर फिरवतात.

दिवस कधी सुरू होतो. हवामान खात्याच्या पद्धतीत पाऊस सकाळी ८:३० ला मोजतात आणि गेल्या चोवीस तासांचा पाऊस त्या तारखेला लागतो. म्हणजे ९ जुलैच्या संध्याकाळी पडलेला पाऊस १० जुलैच्या रकान्यात दिसतो. दुसरीकडची नोंद मध्यरात्र ते मध्यरात्र असेल आणि तुम्ही दोन्ही जोडल्या, तर सांध्याला एक दिवस सरकतो. दोन्ही नोंदी एकाच वर्षाच्या मिळाल्या तर शेजारी ठेवा आणि एक दिवस मागे-पुढे सरकवून कुठे जास्त जुळतात ते बघा.

सुटीचा पाऊस. ही चाचणी फार कमी जण करतात. जून ते सप्टेंबरमधल्या सगळ्या सोमवारांची सरासरी काढा, मग मंगळवारांची, असे सातही वार. पावसाला रविवार ठाऊक नसतो, तेव्हा सातही आकडे एकमेकांच्या आसपास हवेत. रविवार रोडावलेला आणि सोमवार फुगलेला दिसला तर समजा की रविवारी मोजायला कुणी गेलं नव्हतं आणि दोन दिवसांचं पाणी एकदम मोजलं गेलं. अशा वेळी ते पाणी निम्मं-निम्मं वाटू नका. दोन्ही दिवस ‘नाही’ लिहा आणि पुढे चला.

तपासणी: शेवटी प्रत्येक वर्षासमोर तीन आकडे लिहा: ओले दिवस, कोरडे दिवस, ‘नाही’. तिघांची बेरीज दरवर्षी तितकीच आली पाहिजे. आली नाही तर कुठेतरी तारीख दोनदा आलेली आहे किंवा गळलेली आहे.

## टप्पा ४: आजचा दिवस कालच्यावर अवलंबून आहे का?

या टप्प्याला घाई करू नका. ‘सरासरी अधिक रँडम’वाल्यांचं घोडं इथेच पेंड खातं.

पाऊस लागला की लागतो, ओढ दिली की ओढ देतो, हे आपल्याकडे कुणाला शिकवावं लागत नाही. तरी पत्रकात प्रत्येक दिवस नाणं उडवल्यासारखा सुटा धरला जातो. तसं धरायचं की नाही हे मतावर सोडू नका, मोजून ठरवा.

लागोपाठच्या दिवसांच्या जोड्या करा: काल आणि आज. जोडीतला एक जरी दिवस ‘नाही’ असेल तर ती जोडी सोडा. मग चार ढीग पाडा. समजा वीस वर्षांत १५ जून ते १४ जुलै या ३० दिवसांच्या ६०० जोड्या मिळाल्या (सोपं जावं म्हणून इथे नक्षत्रं वेगळी केलेली नाहीत):

- काल कोरडा, आज कोरडा: २१०
- काल कोरडा, आज ओला: ९०
- काल ओला, आज कोरडा: ८१
- काल ओला, आज ओला: २१९

काल कोरडा होता असे ३०० दिवस, त्यांपैकी ९० वेळा आज पाऊस आला. शक्यता ०.३०. काल ओला होता असेही ३००, त्यांपैकी २१९ वेळा आज पुन्हा पाऊस, म्हणजे ०.७३. कालचा विचारच केला नाही तर पावसाची शक्यता ३०९ भागिले ६००, म्हणजे ०.५१५. दिवस खरंच सुटे असते तर ०.३० आणि ०.७३ हे दोन्ही आकडे ०.५१५ च्या जवळ आले असते. ते आलेले नाहीत.

आता या फरकाची किंमत बघा. ठरावीक सात दिवस सगळेच कोरडे जाण्याची शक्यता, दिवस सुटे मानले तर, ०.४८५ चा सातवा घात: ०.००६. कालची आठवण ठेवली तर पहिला दिवस कोरडा असण्याची शक्यता ०.४८५, आणि त्याला ०.७० च्या सहाव्या घाताने गुणायचं: ०.०५७. नऊपट फरक! नोंदी त्याच, सरासरी तीच. नाणं उडवणारं मॉडेल उघडिपीचा धोका नऊपट कमी सांगत होतं.

तपासणी: ‘कोरडा ते ओला’ आणि ‘ओला ते कोरडा’ या दोन मोजण्यांत, मध्ये खंड नसलेल्या प्रत्येक वर्षी, फार तर एकाचा फरक पडू शकतो. आत गेल्याशिवाय बाहेर येता येत नाही. वर ९० आणि ८१, म्हणजे वीस वर्षांत ९ चा फरक, ठीक आहे. तुमचा फरक वर्षांच्या संख्येपेक्षा जास्त निघाला आणि ‘नाही’चे दिवस थोडेच असतील, तर सूत्र चुकलं आहे.

एवढ्यावर थांबू नका. कालच्याबरोबर परवाचाही परिणाम आहे का? ‘परवा कोरडा, काल कोरडा’ आणि ‘परवा ओला, काल कोरडा’ असे दोन गट करून आज कोरडा असण्याची शक्यता वेगवेगळी काढा. दोन्ही सारख्या आल्या तर फक्त काल पुरे. आणखी सोपा मार्ग असा: ज्या उघडिपी तीन दिवस टिकल्या त्यांतल्या किती चौथ्या दिवशी टिकल्या, ज्या सहा टिकल्या त्यांतल्या किती सातव्या दिवशी. फक्त कालची आठवण असेल तर हे प्रमाण सगळीकडे सारखं येतं. लांब उघडीप जास्त चिवट निघाली तर मॉडेलला दोन दिवसांची आठवण द्यावी लागेल.

सावधान: ओला-कोरडा न करता थेट मिलिमीटरचा सहसंबंध काढून ‘अवलंबित्व कमी आहे’ असं ठरवू नका. एखाद्या दिवशी झालेला ढगफुटीसारखा पाऊस तो आकडा एकटाच ओढून नेतो.

## टप्पा ५: आता मॉडेल निवडा

इथपर्यंत आलात की निवड फारशी उरत नाही. आज फक्त कालवर अवलंबून असेल तर दोन अवस्थांची मार्कोव्ह साखळी. तिचे दोन आकडे, ०.३० आणि ०.७३, मोजून झालेच आहेत. बस्स.

पावसाचं प्रमाणही हवं असेल तर फक्त ओल्या दिवसांच्या पावसाला गॅमा वितरण लावतात. लहान पाऊस पुष्कळ आणि मोठा क्वचित, असा त्याचा आकार पावसाला बरा बसतो. रेघ २.५ ची असेल तर प्रत्येक ओल्या दिवसाच्या पावसातून २.५ वजा करून मग वितरण बसवा आणि सिम्युलेशननंतर (म्हणजे आभासी हंगाम चालवून झाल्यावर, टप्पा ६) परत मिळवा. नाहीतर मॉडेल १ मिलिमीटरचे ‘ओले’ दिवस तयार करील. घंटेच्या आकाराचं नॉर्मल वितरण इथे वापरू नका. ते उणे पाऊस पाडतं, आणि तो शून्य करून लपवणारी पत्रकंही कमी नाहीत.

मात्र एक काम याच टप्प्यावर करा: आकडा किती हलतो ते पाहा. ०.७० हा कोरडा-कोरडा आकडा ३०० जोड्यांवरून आला आहे, त्याची प्रमाणत्रुटी (नमुन्याच्या नशिबाने आकडा साधारण किती हलतो ते) सुमारे ०.०२६. म्हणजे दोन्हीकडे तिची दुप्पट धरली तर खरा आकडा ०.६५ ते ०.७५ यांत कुठेही असू शकतो. वाचताना हा फरक किरकोळ वाटतो. सहावा घात करून बघा: ०.६५ चा ०.०७५ आणि ०.७५ चा ०.१७८. दुपटीहून जास्त. म्हणून उत्तर देताना एकच टक्केवारी छातीठोकपणे सांगू नये. संगणकावर काम करत असाल तर वीस वर्षांतली वर्षंच्या वर्षं पुन्हापुन्हा उचलून (एक वर्ष दोनदा आलं तरी चालेल) दरवेळी शक्यता नव्याने काढा. सुटे दिवस उचलू नका, वर्षाची वीण उसवते.

## टप्पा ६: सिम्युलेशन चालवा

एका ओळीत एक आभासी हंगाम, २१ रकाने २१ दिवसांचे, आणि डावीकडे शून्यावा दिवस ‘ओला’ लिहिलेला. प्रत्येक रकान्यासाठी शून्य ते एकमधली रँडम संख्या घ्या. आदला दिवस कोरडा असेल तर संख्या ०.३० पेक्षा कमी आल्यावर आजचा दिवस ओला. आदला ओला असेल तर ०.७३ पेक्षा कमी आल्यावर. बाजूला सलग कोरड्या दिवसांचा मोजणारा रकाना ठेवा: कोरडा आला की एक वाढव, ओला आला की शून्य. ओळीत तो कुठेही ७ ला पोचला की त्या हंगामापुढे १. अशा १०,००० ओळी करा.

या आकड्यांवर उत्तर सुमारे २७ टक्के येतं. नाणं उडवणाऱ्या मॉडेलने तेच उत्तर ५ टक्के दिलं असतं. वीस वर्षांत एकदा आणि चार वर्षांत एकदा, यांत दुबार पेरणीच्या बियाण्याचा खर्च बसतो.

तपासणी: कागदावर काढता येईल अशी एक गोष्ट शोधा आणि ती सिम्युलेशनमधून येते का बघा. पहिले सातही दिवस कोरडे जाण्याची शक्यता ०.२७ गुणिले ०.७० चा सहावा घात, म्हणजे ०.०३१८. दहा हजारांत ३१८ च्या आसपास ओळी अशा हव्यात. २८० ते ३५५ यांत आकडा आला तर सूत्रं बरोबर. १५० किंवा ६०० आला तर ‘आदला दिवस’ म्हणून सूत्र भलत्याच रकान्याकडे बघतंय.

एक्सेलमध्ये कुठेही एक अक्षर टाइप केलं की सगळ्या रँडम संख्या बदलतात. म्हणून त्या एकदा तयार झाल्या की कॉपी करून फक्त किमती म्हणून परत चिकटवा. पायथन किंवा आरमध्ये बीजसंख्या (सीड, जिच्यावरून त्याच रँडम संख्या पुन्हा मिळतात) लिहून ठेवा. अहवालात २७.१ आणि पडद्यावर २६.४ दिसलं की ऐकणाऱ्याचा विश्वास उडतो.

किती ओळी पुरेत? शंभरांवर २७ टक्क्यांच्या उत्तराची प्रमाणत्रुटी साडेचार टक्क्यांची, हजारांवर दीड टक्क्याच्या आत, दहा हजारांवर अर्ध्या टक्क्याहून कमी. त्यापुढे ओळी वाढवण्यात अर्थ नाही. दहा लाख हंगाम चालवले तरी नोंदी वीसच वर्षांच्या आहेत.

## टप्पा ७: न वापरलेल्या वर्षांवर ताडून पाहा

ज्या वर्षांवरून शक्यता काढली त्याच वर्षांवर मॉडेल तपासणं म्हणजे आपणच काढलेल्या प्रश्नपत्रिकेला आपणच बसणं. एक वर्ष बाजूला ठेवा, बाकी एकोणीसांवरून शक्यता काढा, बाजूच्या वर्षाचा अंदाज लिहा, मग पुढचं वर्ष बाजूला. वीसही वर्षांत खरोखर किती वेळा सात दिवसांची उघडीप आली ते शेवटी मोजा.

मॉडेल २७ टक्के सांगत असेल तर वीसांत पाच-साडेपाच वर्षं अपेक्षित. पण नशिबाच्या फेऱ्यात २ ते ९ काहीही येऊ शकतं. तेव्हा ७ आली म्हणून मॉडेल मोडीत काढू नका आणि ५ आली म्हणून पेढेही वाटू नका. मात्र सुट्या दिवसांच्या मॉडेलप्रमाणे एकच अपेक्षित असताना ६ आली, तर ते मॉडेल गेलं.

दुसरी चाचणी जास्त कडक आहे. प्रत्येक आभासी हंगामातले ओले दिवस मोजा, त्यांचा वर्षावर्षातला चढउतार काढा आणि खऱ्या वर्षांच्या चढउताराशेजारी ठेवा. साधी मार्कोव्ह साखळी इथे बहुधा कमी पडते. तिची सगळी वर्षं एकाच वळणाची निघतात, आणि प्रत्यक्षात काही वर्षं मुळातच दुष्काळी असतात तर काही मुळातच ओली. तफावत मोठी असेल तर वर्षांचे ‘कोरडी’ आणि ‘बरी’ असे दोन गट करून दोन्हींच्या शक्यता वेगळ्या काढा. सिम्युलेशनमध्ये आधी वर्ष कुठल्या गटातलं ते ठरवायचं, मग दिवस.

## टप्पा ८: तीच रीत रांगेला आणि भावाला

वजनकाट्यावरची रांग. गळीत हंगामात रायबाग, अथणी, चिकोडीकडच्या कुठल्याही कारखान्यावर उसाच्या ट्रॉल्या यार्डात अडकलेल्या दिसतात. इथे प्रश्न असा: ट्रॉलीला काट्यापाशी सरासरी किती थांबावं लागेल? समजा काटा तासाला १० ट्रॉल्या घेतो. येणं आणि वजन होणं दोन्ही पूर्ण यादृच्छिक (रँडम) मानलं तर तासाला ८ ट्रॉल्या आल्यास सरासरी थांबणं २४ मिनिटं, ९ आल्यास ५४ मिनिटं, साडेनऊ आल्यास ११४ मिनिटं. ट्रॉल्या वाढल्या तासाला दीड, थांबणं वाढलं जवळजवळ पाचपट. ‘काट्याची ताकद तर अजून शिल्लक आहे’ म्हणणाऱ्या व्यवस्थापकाला हे तीन आकडे दाखवावेत. वजनाला दर वेळी सारखाच वेळ लागत असेल तर हे थांबणं निम्म्यावर येतं, म्हणून वजनाचा वेळही घड्याळ लावून मोजा.

पण त्याआधी टप्पा ४ चुकवू नका. ही गणितं पॉयसाँ प्रक्रियेची आहेत, म्हणजे ट्रॉल्या एकमेकींशी न ठरवता येतात असं धरलेलं आहे. तासातासाला आलेल्या ट्रॉल्या मोजा आणि सरासरी व प्रसरण (व्हेरिअन्स, आकडे सरासरीभोवती किती पसरतात त्याचं माप) काढा. दोन्ही जवळजवळ सारखे हवेत. एका फडातून टोळीचे चार ट्रॅक्टर एकामागोमाग सुटले की प्रसरण सरासरीच्या दुप्पट-तिप्पट होतं आणि खरी रांग सूत्रापेक्षा लांब लागते. सकाळ, दुपार, रात्र वेगळी करा, नाहीतर नुसत्या वेळापत्रकामुळे प्रसरण फुगेल आणि दोष टोळ्यांना द्याल.

हीच तपासणी प्राथमिक आरोग्य केंद्रातल्या डेंग्यूच्या आठवडी आकड्यांना लावा. एका गल्लीत एक रुग्ण सापडला की शेजारी आणखी सापडतात, प्रसरण सरासरीला सोडून पळतं आणि पॉयसाँ तिथे चालत नाही. ऋण द्विपद वितरणापासून सुरुवात करा, त्यात प्रसरण सरासरीपेक्षा जास्त असू शकतं.

बाजारभाव. बाजार समितीच्या बटाट्याच्या किंवा मिरचीच्या दरात थेट रुपयांची वजाबाकी करू नका. १,००० वरून १,१०० आणि ३,००० वरून ३,१०० या सारख्या उड्या नव्हेत. आजचा दर भागिले मागचा दर, त्याचा नैसर्गिक लॉग, आणि त्यावर पुढचं काम. बाजार बंद असलेल्या दिवशी दर शून्य नसतो, नोंद नसते. किमान, कमाल आणि सर्वसाधारण दर यांतला एकच रकाना धरून चला.

मग ठरलेलं आधी काढून टाका. इथली भाजी गोव्याला जाते, चवथीच्या तोंडावर तिकडची मागणी चढते आणि दरही चढतो. हे कॅलेंडरमध्ये लिहिलेलं आहे, त्याला यादृच्छिक म्हणणं चूक. उरलेल्या बदलांत आठवड्याआठवड्याचा संबंध दिसत नसेल तर यादृच्छिक चाल (प्रत्येक पाऊल आधीच्या पावलांशी संबंध नसलेलं) हे मॉडेल थोड्या मुदतीसाठी चालतं. तिच्यात बदलांचा पसारा (प्रमाण विचलन) मुदतीच्या वर्गमुळाने वाढतो. आठवड्याचा पसारा ८ टक्के असेल तर चार आठवड्यांचा १६ टक्के होतो. ८ ला ४ ने गुणून ३२ टक्के लिहिलेली पत्रकं मी थांबवून परत पाठवतो. सहा महिन्यांसाठी मात्र ही चाल वापरू नका. नवं पीक बाजारात आलं की भाव परत खाली ओढला जातो, आणि यादृच्छिक चालीला परत यायचं माहीत नसतं.

## टप्पा ९: उत्तर सांगताना

शेतकऱ्याला ‘शक्यता ०.२६८’ असं सांगू नका. ‘अशा दहा पेऱ्यांपैकी दोन-तीनदा आठवडाभराची उघडीप पडेल’ असं सांगा, आणि ‘नोंदी वीसच वर्षांच्या आहेत, त्यामुळे हा आकडा दीड ते चारपर्यंत सरकू शकतो’ हेही त्याच दमात. अशी रुंदी टप्पा ५ मधल्या वर्षं उचलण्याच्या पद्धतीवरून काढायची असते, तुमच्या नोंदींवर ती वेगळी येईल.

उत्तरासोबत पाच गोष्टी कागदावर द्या: कुठला पर्जन्यमापक, कुठली वर्षं, ओल्या दिवसाची रेघ, किती दिवस ‘नाही’ होते, आणि मॉडेलला किती दिवसांची आठवण दिली. पुढच्या जूनमध्ये नवं वर्ष जोडायला दुसरा कुणी बसला तर त्याला तुम्हाला फोन करावा लागू नये.

‘या वर्षी उघडीप पडणार का?’ हा प्रश्न हमखास येईल. या मॉडेलकडे त्याचं उत्तर नाही. पेरणीच्या आठवड्यात हवामान खात्याचा अंदाजच बघायचा. बियाणं एकदम सगळं टाकायचं की थोडं राखून ठेवायचं, पाण्याची सोय नसलेल्या रानात आधी पेरायचं की नंतर, पीक विमा घ्यायचा की नाही, हे मे महिन्यात ठरवायला मात्र २७ टक्के हा आकडा हातात असावा.